माझे, तुझे आणि सरकारचे

२०२३ सालच्या दिवाळीतली गोष्ट. आमच्या घरी फराळाची ताटे मांडलेली होती. माझ्या एका जुन्या स्नेह्यांनी चिवड्याची बशी खाली ठेवली आणि मला विचारले, "मास्तर, तुम्ही भांडवलदारांचे वकीलपत्र केव्हापासून घेतलेत?"

निमित्त कांद्याचे होते. त्या दिवसांत शहरात कांदा साठ-सत्तर रुपये किलोने विकला जात होता आणि पाडव्याच्या भज्यांचा बेत रहित करावा की काय, अशा विचारात घरातली मंडळी होती. स्नेह्यांचे म्हणणे असे की, सरकारने साठेबाजांना तुरुंगात घालावे, परदेशी जाणारा कांदा बंदरावरच अडवावा आणि वीस रुपयांनी विकण्याचा हुकूम काढावा. त्यावर मी एवढेच म्हणालो होतो की, हुकूम काढण्यापूर्वी कांदा ज्याचा आहे त्याला एकदा विचारावे. तेवढ्यावरून हे वकीलपत्राचे प्रकरण उपस्थित झाले. फराळाच्या वेळी मी फारसे बोललो नाही, कारण यजमानाने पाहुण्याशी भांडू नये असा आमच्याकडे रिवाज आहे. संपादकांनी दिवाळी अंकासाठी मजकूर मागितला तेव्हा मात्र ते भांडण येथे सविस्तर करावे असे मी ठरविले.

हे माझे स्नेही अत्यंत सज्जन गृहस्थ आहेत. सरकारी नोकरीतून निवृत्त झाले, पुण्यात स्वतःच्या नावावर दोन खोल्यांची जागा आहे, निवृत्तिवेतन वेळेवर येते. खासगी मालमत्ता हे सर्व अनर्थांचे मूळ आहे, असे ते तरुणपणापासून मानतात. प्रूदाँ नावाच्या फ्रेंच लेखकाने १८४० साली मालमत्तेला चोरी ठरविले, हे त्यांनीच मला प्रथम सांगितले. परंतु शेजाऱ्याने आपली स्कूटर यांच्या जागेत लावली तेव्हा यांनी सोसायटीच्या चिटणीसाला तीन महिने पत्रे लिहिली. मी ती पत्रे वाचली आहेत. मालकी हक्काचे इतके तेजस्वी समर्थन मी इंग्रज पंडित लॉक याच्याविषयी जे काही वाचले त्यातही पाहिले नाही.

आता प्रथमच एक कबुली देऊन टाकतो. लक्षाधीशांची वकिली करण्याचा माझा मुळीच विचार नाही. त्यांना माझ्यासारख्या शाळामास्तराची गरजही नाही. मंत्र्यांच्या दालनाचे दार त्यांच्यासाठी आपोआप उघडते. माझा स्वतःचा पगारही सरकारी अनुदानातून येतो, तेव्हा सरकार नावाची वस्तूच नको असे म्हणण्याचा अधिकार मला नाही. पोलीस हवेत, न्यायालये हवीत, रस्ते हवेत, आणि (हे मी पगारासाठी म्हणत नाही) शाळाही हव्यात. माझे म्हणणे निराळे आहे. मालमत्तेचा हक्क आणि आपला माल आपल्या मर्जीने विकण्याची मुभा या दोन गोष्टी श्रीमंतांच्या चैनीच्या आहेत, असा जो समज आपल्या सुशिक्षित घरांतून पिढ्यान् पिढ्या चालत आला आहे, तो साफ खोटा आहे. श्रीमंताला या दोन्ही गोष्टींवाचून चालते, गरिबाला चालत नाही.

कांद्यापासूनच आरंभ करतो. माझे आजोळ निफाड तालुक्यातले. लासलगावची बाजारपेठ तेथून हाकेच्या अंतरावर. शहरातल्या वाचकांना बहुधा ठाऊक नसते की कांदा सगळा एका जातीचा नसतो. पावसाळ्यात लावलेला लाल कांदा थंडीत निघतो. तो टिकत नाही, निघाला की विकावाच लागतो. हिवाळ्यात लावलेला उन्हाळ कांदा मार्च-एप्रिलात निघतो आणि तो मात्र टिकतो. त्यासाठी चाळ बांधावी लागते. मुंबईच्या बिऱ्हाडांची चाळ नव्हे. लाकडाच्या किंवा लोखंडाच्या सांगाड्यावर, जमिनीपासून उंच, दोन्ही बाजूंनी वारा खेळेल अशी लांबट चाळ. एप्रिलात भरलेला कांदा तीत दिवाळीपर्यंत ठेवावयाचा. मधल्या काळात काही सडतो, काहीला कोंब फुटतात, सगळ्याचेच वजन घटते. एवढे सोसून आश्विनात जो कांदा बाहेर येतो, त्याच्यावर आपली दिवाळी होते. आता हा माल सात महिने राखून ठेवणारा मनुष्य कोण? आमच्या स्नेह्यांच्या भाषेत साठेबाज. घरात वर्षाची बेगमी करून ठेवणारी बाई ती सुगरण आणि चाळीत कांद्याची बेगमी करणारा तो गुन्हेगार! एप्रिलात सगळ्यांनी सगळा कांदा विकून टाकला असता तर त्या महिन्यात तो मातीमोल झाला असता आणि आश्विनात साठ रुपयेच काय, सहाशे देऊनही मिळाला नसता.

भाव वाढतो म्हणजे काय होते, याचा विचार आपण फारसा करीत नाही. भाव वाढला की दादरची गृहिणी भाजीत दोन कांद्यांऐवजी एक घालते. त्याच सुमारास कळवणचा शेतकरी मक्याऐवजी कांद्याचे रोप टाकावयाचे ठरवितो. या दोघांची आयुष्यात कधी भेट होत नाही, पण भाव नावाच्या चिठ्ठीतून एकाचा निरोप दुसऱ्याला पोचतो. हायेक या ऑस्ट्रियन अर्थशास्त्रज्ञाने १९४५ साली एका निबंधात हाच विचार कथिलाचे उदाहरण घेऊन मांडला आहे. देशभर विखुरलेल्या लक्षावधी माणसांना जे थोडे थोडे ठाऊक असते, ते सगळे कोणत्याही एका कचेरीत गोळा होऊ शकत नाही. ते भावातच गोळा होते. माझ्या आजोळच्या माणसांनी हायेकचे नाव ऐकलेले नाही. परंतु ही गोष्ट त्यांना कोणी समजावून सांगावी लागत नाही. हुकमाने भाव पाडला म्हणजे ती चिठ्ठी फाडली जाते, आणि पुढच्या हंगामात कोणी काय लावावे हे कोणालाच कळेनासे होते.

२०२३ मध्ये नेमके हेच झाले. ऑगस्टात कांद्याच्या निर्यातीवर चाळीस टक्के शुल्क बसले. ८ डिसेंबरला, म्हणजे न टिकणारा लाल कांदा शेतातून निघू लागला होता त्याच सुमारास, निर्यात पूर्ण बंद झाली. लिलाव बंद पडले. चांदवडच्या बाजूला लोक मुंबई-आग्रा रस्त्यावर येऊन बसले. बंदी उठली ती २०२४ च्या मे महिन्यात, निवडणुकीच्या धामधुमीत. शुल्क चालूच राहिले. ते सप्टेंबरात निम्मे झाले आणि १ एप्रिल २०२५ ला एकदाचे गेले. अशी बंदी २०१९ तही आली होती आणि २०२० तही आली होती. २०२० ची गंमत तर लिहून ठेवण्यासारखी आहे. त्या वर्षी जूनमध्ये केंद्र सरकारने वटहुकूम काढून सांगितले की, साठ्यांवरील बंधने यापुढे अगदी अपवादानेच घालू, शेतमाल आता स्वतंत्र झाला. १४ सप्टेंबरला कांद्याची निर्यात बंद आणि ऑक्टोबरात व्यापाऱ्यांच्या साठ्यावर मर्यादा! पुढे ते तीनही शेतीकायदे २०२१ साली मागे घेण्यात आले. त्यांच्या बाजूने आणि विरुद्ध पुष्कळ लिहून झाले आहे, त्यात मी भर घालीत नाही. एका हाताने स्वातंत्र्य देऊन दुसऱ्या हाताने ते तीन महिन्यांत काढून घेता येते, एवढेच मला त्यातून दिसले.

येथे स्नेह्यांनी मला अडविले होते, आणि त्यांचा मुद्दा लहान नव्हता. ते म्हणाले, "२०२३ च्याच फेब्रुवारीत सोलापूरच्या बाजारात एका शेतकऱ्याला ५१२ किलो कांद्याचे, सगळा खर्च वजा जाता, दोन रुपये मिळाले. वर्तमानपत्रात त्या धनादेशाचे चित्र छापून आले होते. तेव्हा निर्यातबंदी कोठे होती? हाच ना तुमचा खुला बाजार?"

होय, दोन रुपये. किलोला रुपया भाव मिळाला आणि हमाली, तोलाई, गाडीभाडे यांत तो संपला. आमच्याकडे याच्याही पुढची पायरी आहे, तिला उलटी पट्टी म्हणतात. माल विकून शेतकऱ्यानेच अडत्याला पैसे द्यावयाचे. मला एवढेच विचारावयाचे आहे की, फेब्रुवारीत भाव रुपयावर आला तेव्हा 'बाजार आहे, चालायचेच' असे म्हणणारे सरकार आणि आम्ही सारे खाणारे लोक, नोव्हेंबरात भाव चढल्याबरोबर बाजाराला नालायक कसे ठरवितो? जुगारात हरलास तर तुझे आणि जिंकलास तर माझे, अशा अटीवर कोणी जुगार तरी खेळेल काय? शेतकरी ती अट पत्करून दर हंगामाला शेत पेरतो. मंदीचे दिवस बाजार आणतो हे मी मान्य करतो. पण मंदीत झालेली खोट भरून काढण्यासाठी निसर्गाने जे तेजीचे दिवस दिलेले असतात, ते सरकार आणते काय? ते तर ते काढून घेते. शहरातल्या गरिबाला महाग कांदा परवडत नाही, हे तर खरेच. त्याला मदत करावी. ती खजिन्यातून करावी, म्हणजे माझ्या आणि स्नेह्यांच्याही खिशाला तिची झळ लागेल. निफाडच्या एका कुणब्याच्या चाळीतून परस्पर काढून ती करावयाची आणि आपण दयाळू म्हणवून घ्यावयाचे, हा कोठला धर्म?

शरद जोशी या मनुष्याने हे सगळे पंचेचाळीस वर्षांपूर्वी सांगून ठेवले आहे. स्वित्झर्लंडातली संयुक्त राष्ट्रसंघाच्या टपाल संस्थेतली नोकरी सोडून ते चाकणजवळ आंबेठाणला कोरडवाहू शेती करू लागले, आणि हिशेब मांडता मांडता त्यांच्या ध्यानात आले की शेती तोट्यात जात नाही, ती तोट्यात ठेवली जाते. १९८० साली नाशिक जिल्ह्यात ऊस आणि कांद्याच्या भावासाठी आंदोलन झाले तेव्हा माझे मामा त्यात होते. कर्जमाफीची याचना करण्यापेक्षा घामाचा दाम मागावा, हे त्या चळवळीचे सांगणे होते. ते आमच्या पुरोगामी मंडळींना पचले नाही. गरिबाने अनुदान मागितले की त्यांना भरून येते. गरिबाने बाजार मागितला की त्यांना त्याच्यामागे कोणीतरी बडा असामी दिसू लागतो.

आणखी एक आक्षेप आहे, तो स्नेह्यांनी घेतला नाही; मीच त्यांच्या वतीने घेतो. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात कुणब्यांनी सावकारांची घरे फोडली आणि कर्जरोख्यांची होळी केली. दख्खनचे दंगे म्हणून इतिहासात ते प्रसिद्ध आहेत. सावकाराने कोणावर बळजबरी केली नव्हती, प्रत्येक रोख्यावर कुणब्याने अंगठा उठविलेला होता. मग करारस्वातंत्र्य हेच ना? या प्रश्नाला चटकन उत्तर देणाऱ्याचा मला संशय येतो. ज्याच्या घरात दाणा नाही आणि ज्याला कर्ज देणारा पंचक्रोशीत एकच आहे, त्याने उठविलेला अंगठा स्वतंत्र म्हणवत नाही. परंतु ते रोखे कोणत्या वातावरणात लिहिले गेले तेही पाहावे. शेतसारा रोख भरावयाचा, पीक येवो अथवा न येवो, आणि तोही ठरलेल्या मुदतीत. त्या मुदतीपायी कुणबी सावकाराच्या ओटीवर गेला. पुढे कोर्टाने निवाडा देऊन त्याची जमीन लिहून घेतली. एका बाजूला एकटा सावकार आणि दुसऱ्या बाजूला एकटे सरकार, अशा दोन मक्त्यांत तो सापडला. मला मक्तेदारीचेच वैर आहे. ती पागोटे घालून येते की सरकारी शिक्का घेऊन येते, हा मुद्दा दुय्यम आहे.

आणि शिक्का घेऊन ती आमच्याकडे पुष्कळदा आली. महाराष्ट्रात १९७२ पासून कापूस एकाधिकार योजना होती. विदर्भातल्या शेतकऱ्याने स्वतःच्या शेतातला कापूस सरकारशिवाय कोणाला विकला किंवा राज्याच्या सीमेपलीकडे नेला तर तो गुन्हा. तीस वर्षे ही योजना चालली. उसाच्या बाबतीत दोन कारखान्यांत पंचवीस किलोमीटरचे अंतर असावे, असा नियम. बाजार समित्यांचा कायदा १९६३ चा. हेतू चांगला होता, उघड लिलाव व्हावेत, वजनात फसवणूक होऊ नये. परंतु परवाना ज्यांच्या हाती गेला तेच पुढे बाजाराचे धनी झाले. माल आणणारा हजार कोसांवरून आला तरी बोली लावणारी डोकी तीच. २०१६ साली फळे आणि भाजीपाला बाजार समितीच्या बाहेर विकण्याची मोकळीक झाली आणि अडत शेतकऱ्याऐवजी घेणाऱ्याकडून घ्यावी असे ठरले. तेव्हा आकाश कोसळेल अशी भाकिते झाली होती. आकाश जागच्या जागी आहे.

दिवाळीचा अंक आहे आणि वाचकांत भगिनीवर्ग मोठा आहे, म्हणून सोन्याची गोष्ट सांगतो. जानेवारी १९६३ मध्ये, चीनच्या युद्धानंतर, मोरारजी देसाई अर्थमंत्री असताना सुवर्णनियंत्रण आले आणि चौदा कॅरटपेक्षा अधिक शुद्धतेचे दागिने घडविण्यास मनाई झाली. माझी आजी सांगत असे की, गावचा सोनार, ज्याने तीन पिढ्यांची मंगळसूत्रे घडविली, तो भट्टी विझवून पुढे पिठाच्या गिरणीत कामाला राहिला. चौदा कॅरटचा नियम तीन वर्षांनी गेला, पण १९६८ साली सोन्याचा स्वतंत्र कायदा झाला आणि तो १९९० पर्यंत टिकला. हेतू कोणता, तर लोकांनी सोने घेऊ नये आणि चोरटी आयात थांबावी. चोरटी आयात करणाऱ्यांची त्या काळात जी भरभराट झाली, तिच्यावर आपल्याकडे अर्धा डझन चित्रपट निघाले. थांबला तो सोनार. ज्या बाईच्या नावावर शेत नाही, घर नाही, बँकेत खाते नाही, तिच्याजवळ अडीअडचणीला उपयोगी पडेल असे चार तोळे असतात. तेच देशद्रोहाचे साधन ठरले! याच काळात राजगोपालाचारींनी या सगळ्या कारभाराला 'लायसेन्स-परमिट राज' हे नाव दिले. त्यांच्या स्वतंत्र पक्षाला राजेमहाराजांचा पक्ष म्हणून हसण्यात आपली मोठी माणसे गुंतली होती, आणि त्या पक्षात राजेमहाराजे होते हेही खरे. पण नाव अचूक होते. ते पक्षाच्या मागे टिकून राहिले.

आता स्नेह्यांच्या वकीलपत्राकडे वळतो. मालमत्तेचा हक्क भांडवलदाराच्या सोयीचा असतो असे जे समजतात, त्यांनी एकदा मुळशीला जाऊन धरणाच्या काठावर उभे राहावे. मुंबईच्या गिरण्यांना वीज हवी होती. ती निर्माण करण्यासाठी टाटांच्या कंपनीला मुळशीचे खोरे हवे होते. मावळ्यांना ते विकावयाचे नव्हते. खुल्या बाजारात विषय तेथेच संपला असता. कंपनीने आणखी किंमत बोलावयाची, नाहीतर दुसरे खोरे शोधावयाचे. परंतु कंपनीच्या मदतीला १८९४ चा भूसंपादनाचा कायदा होता. सरकारने आपल्या अधिकाराने जमीन घेऊन कंपनीला दिली. १९२१ च्या रामनवमीला सत्याग्रह सुरू झाला. पांडुरंग महादेव बापट सेनापती झाले ते या लढ्यात. तीन वर्षांनी तो मोडला आणि गावे पाण्याखाली गेली. 'जान किंवा जमीन' या शब्दांत लढणारे मावळे हे मालमत्तेच्या हक्काचे खरे अनुयायी होते, आणि भांडवलदार होता तो त्या हक्काच्या विरुद्ध बाजूला, सरकारच्या खांद्याला खांदा लावून उभा. हे चित्र पुढेही फारसे बदलले नाही. कोयनेच्या धरणातून उठलेली माणसे अर्धशतक उलटून गेल्यावरही आपल्या वाट्याच्या जमिनीसाठी धरणे धरून बसत होती.

राज्यघटनेने मूळात हा हक्क मूलभूत म्हणून दिलेला होता. सतरा महिन्यांच्या आतच, १९५१ साली, पहिली दुरुस्ती झाली आणि नववे परिशिष्ट जन्माला आले. त्यात घातलेल्या कायद्याविरुद्ध मूलभूत हक्काच्या नावाने न्यायालयात दाद मागता येऊ नये अशी व्यवस्था होती. आरंभी तेरा कायदे होते. ती संख्या वाढत २८४ झाली आणि त्यांतले बहुसंख्य शेतजमिनीसंबंधीचे. कांद्यावर जो चालतो तो १९५५ चा जीवनावश्यक वस्तूंचा कायदाही १९७६ साली तेथेच जाऊन बसला. परिशिष्टातल्या १९७३ नंतरच्या कायद्यांची तपासणी न्यायालय करू शकते, हे ठरावयास २००७ साल उजाडले. मधल्या काळात मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांतून नाहीसा झाला होता. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीने तो काढला आणि त्याला साधा कायदेशीर हक्क करून टाकला. आणीबाणी संपवून स्वातंत्र्य परत आणणाऱ्या सरकारने हे केले, आणि पंतप्रधान होते मोरारजी देसाई! सोन्याच्या बाबतीत ज्यांचे नाव वर आले, तेच.

"आणि कुळकायदा?" स्नेही विचारतील. "तोही त्या परिशिष्टात आहे. तो नसता तर तुमच्या मामांना जमीन कोठून मिळाली असती?" हा घाव वर्मी आहे. १ एप्रिल १९५७ रोजी मुंबई राज्यात कूळ मालक झाले. आमच्या आजोळची साडेतीन एकर जमीन त्यातलीच. ती सरकारी कायद्याने आली, बाजाराने नव्हे, हे मी नाकारीत नाही. जमिनीच्या वाटपाचा आपला इतिहास तलवारीचा, इनामांचा आणि जातीचा आहे. त्या वाटपाला पवित्र म्हणणाऱ्याशी माझे पटणार नाही. परंतु कायद्याने कुळाला मालक केले, ते कसले मालक? सातबाराच्या उताऱ्यावर 'भोगवटादार वर्ग २' असे लिहिले. म्हणजे कलेक्टरच्या परवानगीवाचून विकता येत नसे. आणि ज्याच्या नावे शेत नाही त्याने शेतजमीन विकत घ्यावयाची नाही, हा नियम तर सर्वांनाच. शेतकऱ्याला बाहेर पडण्याचे दार नीट उघडत नसे आणि बाहेरच्याला आत येण्याचे उघडतच नाही. ज्याच्या किल्ल्या दुसऱ्याजवळ आहेत त्या घराचे मालक आपण, असे समाधान मानावयाचे.

भूमिहीनांनी काय मागितले तेही स्मरावे. डॉ. आंबेडकरांनी १९४७ साली शेती सरकारच्या मालकीची करावी अशी योजना मांडली होती. ज्यांच्या वाट्याला मालकी कधी येऊच दिली गेली नाही, त्यांच्या नेत्याने तसे म्हणावे यात आश्चर्य नाही आणि त्याला हसण्याचा अधिकार कोणाला नाही. पण पुढे १९५९ मध्ये आणि पुन्हा १९६४ मध्ये दादासाहेब गायकवाडांनी भूमिहीनांचे सत्याग्रह केले, हजारो माणसे तुरुंगात गेली, तेव्हा मागणी होती ती स्वतःला कसावयास जमीन मिळण्याची. पडीक आणि गायरान जमिनी त्यांनी मागितल्या. त्या कोणाच्या ताब्यात होत्या? सरकारच्या. सगळ्यांत मोठा जमीनदार मंत्रालयात बसतो, हे आपण नेहमी विसरतो.

गडचिरोलीतल्या मेंढा-लेखा या गावाला २००९ साली सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. तरीही बांबू तोडून बाहेर नेण्याचा परवाना वनखात्याच्याच हाती होता. परवान्याचे पुस्तक ग्रामसभेच्या हाती यावयास २०११ साल लागले, आणि त्यासाठी मंत्री गावात यावे लागले. त्यानंतर गावाने आपला बांबू आपल्या भावाने विकला. ही एकट्या माणसाची मालकी नव्हे, गावाची आहे. पण ती सरकारची नाही, एवढ्याने फरक पडला. याच गावाने २०१३ साली शेतेही ग्रामसभेच्या नावे केली, हे स्नेही मला हटकून ऐकवतील. केली, आपण होऊन केली. विनोबांना १९५१ साली पोचमपल्लीत पहिले भूदान मिळाले तेही असेच आपण होऊन. स्वतःच्या नावे जे नाही ते कोणी दान करू शकत नाही.

हे सगळे मी पुस्तकांतून शिकलो असे वाचकांना वाटेल, पण तसे नाही. माझी मामी १९८६ च्या नोव्हेंबरात भाकरीचे गाठोडे घेऊन चांदवडच्या महिला अधिवेशनाला गेली होती. पुढे शेतकरी संघटनेने लक्ष्मीमुक्तीची चळवळ काढली. घरच्या लक्ष्मीच्या नावे जमिनीचा तुकडा करून द्यावा, सरकारच्या हुकमाने नव्हे, आपण होऊन. मामांनी तलाठ्याकडे खेटे घालून, परवानगी काढून, एक एकर मामीच्या नावे केली. गावात हसे झाले. भाऊबंद म्हणाले, बायकोने काय जादू केली? मामा गेल्यावर घरावर कर्ज झाले, थोरल्या मुलाने जमीन काढावयाचे ठरविले. दोन भावांचे पटले आणि अडीच एकर गेली. उरलेल्या एकरावर सही हवी होती मामीची. ती म्हणाली, देत नाही. मुलगा चार दिवस जेवला नाही, सुनेने बोलणे टाकले, नातेवाईक येऊन समजावून गेले. तिने सही केली नाही. आज ते सगळे घर त्या एकरावर आणि तिच्या कांद्याच्या चाळीवर उभे आहे, आणि थोरला मुलगाच ती चाळ भरतो. तीन इयत्ता शिकलेल्या त्या बाईला घरात पहिल्यांदा 'नाही' म्हणता आले ते उताऱ्यावर तिचे नाव होते म्हणून.

२०२३ च्या डिसेंबरात बंदी आली त्या रात्री मी तिला फोन केला. लाल कांदा काढून खळ्यावर पडला होता. ती रागावली नव्हती, नुसती थकलेली वाटली. मला म्हणाली, "त्या तुझ्या पुण्याच्या पाहुण्याला महिन्याला कांदा लागतो किती?"

मी म्हणालो, "नवरा-बायको दोघेच. पाच किलो लागत असेल."

"मग त्याला म्हणावं, एवढ्यासाठी सरकारकडं कशाला गेला? माझ्याकडं यायचं होतं."

हा निरोप मी स्नेह्यांना पोचविला. ते जरा वरमले, मग हसले, आणि म्हणाले, "ठीक आहे मास्तर, यंदा उन्हाळ कांद्याचे एक पोते आमच्यासाठी सांगून ठेवा. भाव काय लावतील?"

मी त्यांना मामीचा फोन नंबर दिला आहे.